चाळणी गल्लीत नॉर्वे

"या शहरात वाट न चुकणारा गाईड एकच आहे, आणि तो आत्ता तुमच्यासमोर कॉफी पितोय!"

हे वाक्य नुन्त्सिओ रोज सकाळी कोपऱ्यावरच्या बारमध्ये उभा राहून ऐकवायचा. त्या गुरुवारी त्याने ते दोनदा ऐकवलं, आणि दुसऱ्यांदा हातातली निळी छत्री अशी काही उंचावली की वरच्या दिव्याची काच किणकिणली. आमच्या पालेर्मोत गाईडची छत्री पावसासाठी नसते. ती उंच धरायची आणि ग्रुपने तिच्यामागून चालायचं. इतर गाईडना ती सोयीची असते, नुन्त्सिओचं मात्र तिच्यावाचून पान हलत नसे. त्याची उंची इतकी बेताची की चर्चमध्ये तो ताठ उभा असला तरी मागची एखादी बाई म्हणायची, "उठा आता गुडघ्यांवरून, प्रार्थना संपली!"

"आज काय विशेष?" बारवाल्याने विचारलं.

"आज? आज माझं नशीब जहाजातून उतरतंय!"

ते खरंच होतं. नॉर्वेहून एक भलंमोठं जहाज बंदराला लागलं होतं आणि त्यातल्या प्रवाशांना शहर दाखवायचं काम नुन्त्सिओला मिळालं होतं. ग्रुपबरोबर जहाज कंपनीच्या हाल्दिस बाई जातीने येणार होत्या. त्यांना टूर आवडली तर अख्ख्या हंगामाचं काम नुन्त्सिओचं. नाही आवडली, तर सार्डिन.

सार्डिन म्हणजे मासळी. नुन्त्सिओच्या सासूबाई, डोन्ना निन्फा, यांनी निर्वाणीचा इशारा दिलेला होता. "जावईबापू, लोकांच्या पुढे छत्री घेऊन चालणं हा काय धंदा झाला? आमच्या गल्लीतली कोंबडीसुद्धा लोकांच्या पुढे चालते, तिला कुणी पगार देत नाही! संत बार्तोलोच्या उत्सवापर्यंत कायमचं काम मिळवा. नाहीतर माझ्या भावाच्या ठेल्यावर उभं राहून सार्डिन साफ करा." उत्सव पुढच्या रविवारवर आलेला, आणि नुन्त्सिओला मासळीच्या नुसत्या वासाने शिंकांवर शिंका यायच्या!

"एक लक्षात ठेवा," त्याची बायको आगाता निघताना म्हणाली होती, "काही झालं तरी आईच्या गल्लीतून जाऊ नका."

"मला काय वेड लागलंय? चौक, कारंजं, कॅथेड्रल, बाजार, आइस्क्रीम, बंदर! माझा रस्ता म्हणजे रेल्वेचा रूळ आहे, रूळ!"

रूळ पहिल्या वळणालाच उखडला.

त्या दिवशी शिरोक्को सुटला होता. आफ्रिकेकडून येणारा हा गरम वारा एकदा अंगात आला की वाळत घातलेले कपडे शेजाऱ्याच्या घरी मुक्कामाला जातात. नुन्त्सिओ पालिकेसमोरच्या संगमरवरी कारंज्यापाशी उभा राहून माइकवर सांगत होता, "मंडळी, या शहरावर राज्य केलेले नॉर्मन राजे म्हणजे मूळचे तुमच्याकडचेच लोक! तेव्हा आपल्याच घरी आलात असं समजा!" नॉर्वेची मंडळी कानात यंत्रं घालून शांतपणे ऐकत होती. एकेक जण ताडमाड उंच! हरवू नये म्हणून कंपनीने प्रत्येकाच्या गळ्यात एकेक लाल रुमाल बांधून दिला होता.

तेवढ्यात वारा आला, छत्री उलटी झाली, नुन्त्सिओच्या हातातून निसटली आणि कारंज्यातल्या एका उघड्या देवीच्या खांद्यावर जाऊन अडकली. अशी अडकली की कित्येक शतकांत पहिल्यांदाच त्या बाईंची अब्रू झाकली गेली. भोवती बसलेल्या म्हाताऱ्यांनी टाळ्या वाजवल्या.

"आपला गाईड कुठे गेला?" हाल्दिस बाई इकडेतिकडे बघू लागल्या. करड्या केसांच्या, सरळ पाठीच्या, कुणालाही हसू न दाखवणाऱ्या बाई.

"इथेच आहे, मॅडम."

"कुठे?"

"जरा खाली बघा!"

त्यांनी खाली बघितलं. मग वर छत्रीकडे. मग पुन्हा खाली. नुन्त्सिओला आसपास नसलेल्या सार्डिनचा वास आला आणि पहिली शिंक आली.

पण गडी हार मानणारा नव्हता! कारंज्यामागे तानीनोचं दुकान होतं. तानीनो चर्चच्या मूर्तींना आणि चौकटींना सोनेरी मुलामा द्यायचा. नुन्त्सिओ आत घुसला.

"तानीनो, एखादी काठी दे! झाडू दे, पडद्याचा दांडा दे, काहीही उंच दे!"

"काठी नाही बुवा. एवढं एकच आहे." तानीनोने कोपऱ्यातला एक लांबलचक दंड दाखवला. टोकाला नाण्याएवढी नव्हे, चांगली ताटाएवढी सोनेरी चकती, तिच्यात दाढीवाले संत बार्तोलो, आणि खाली लाल फिती. उत्सवाच्या मिरवणुकीत मंडळाचे अध्यक्ष सगळ्यांच्या पुढे हातात धरून चालतात तो हा मानाचा दंड.

"हा? हा कसा देणार तू?"

"देतो की. सकाळीच मुलामा दिलाय, अजून ओला आहे. उन्हावाऱ्यात फिरला तर लवकर वाळेल. फक्त चकतीला आणि तिच्याखालच्या सोनेरी भागाला हात लावू नकोस. आणि जेवायच्या आत परत आण, नाहीतर मंडळवाले माझ्यावरच मुलामा चढवतील."

नुन्त्सिओ दंड घेऊन बाहेर आला आणि त्याला एकदम उंच झाल्यासारखं वाटलं. नॉर्वेकरांनाही तो आता लांबून दिसू लागला. कॅथेड्रल झालं, नॉर्मन राजांच्या कबरी झाल्या, सगळं घड्याळाबरहुकूम. हाल्दिस बाई हसल्या नाहीत, पण त्यांनी एकदा मान हलवली. नुन्त्सिओ मनातल्या मनात हंगामभराच्या पैशांतून आगाताला नवी शेगडी घेऊन देत होता.

मग बाजाराच्या तोंडाशी सगळं अडलं.

मधोमध तलवारमाशांनी भरलेली गाडी, आणि तिच्या नाकाला नाक लावून कलिंगडांची तीनचाकी. दोन्ही गाड्यांचे मालक खाली उतरून, हात छातीवर बांधून उभे.

"तू मागे घे."

"मी? माझ्या बापाने कधी मागे घेतली नाही!"

"माझ्या आजोबांनी नाही!"

पालेर्मोत हे एकदा आजोबांपर्यंत पोचलं की दुपार झाली म्हणून समजा. जहाज तर एक वाजता सुटणार होतं. नुन्त्सिओने मासळीच्या वासाने आलेली शिंक आवरत डावीकडे बघितलं. बाजाराला वळसा घालून बंदराकडे उतरणारी एकच वाट होती, आणि ती चाळणी गल्लीतून जायची. पूर्वी तिथे चाळण्या करणारे राहत. आता तिथे सासूबाई राहत.

त्याने भराभर हिशेब मांडला. आज गुरुवार. गुरुवारी सकाळी सासूबाई केसांना कलप लावतात. कलप लावलेली बाई बाल्कनीत येत नाही. म्हणजे मैदान मोकळं!

"मंडळी," तो माइकमध्ये अगदी हळू आवाजात म्हणाला, "आता एक अरुंद गल्ली आहे. दोघादोघांच्या रांगेत चला. दगड निसरडे आहेत, खाली बघून चाला. आणि कृपा करून अजिबात बोलू नका!"

नॉर्वेची माणसं म्हणजे शिस्त. ती दोघादोघांत उभी राहिली, माना खाली घातल्या आणि एक अक्षर न बोलता सावकाश चालू लागली.

आता जरा हे दृश्य चाळणी गल्लीच्या नजरेतून बघा! पुढे संत बार्तोलोचा दंड. त्याच्यामागे गळ्यात लाल रुमाल बांधलेली, मान झुकवलेली, मुकी रांग. संत बार्तोलो मंडळाचे लोकही उत्सवात लाल रुमालच बांधतात. आणि चाळणी गल्लीचं जुनं दुखणं असं, की संताची मिरवणूक त्यांच्या गल्लीत कधी आलीच नव्हती! "मूर्तीचा मोठा मंच मावत नाही," असं मंडळ दरवर्षी सांगायचं. "मग नुसता दंड तरी पाठवा!" असं गल्ली दरवर्षी म्हणायची. पणजोबांच्या काळापासून हा तंटा चालू होता. या गल्लीतल्या बायका उत्सवाच्या दिवशी शेजारच्या रस्त्यावर जाऊन, दुसऱ्यांच्या पाठीमागून, टाचा उंचावून संत बघायच्या.

दाराशी खुर्ची टाकून बसलेले लिबोरिओ, आमच्याकडे वडीलधाऱ्यांना डॉन म्हणतात म्हणून डॉन लिबोरिओ, पहिले उठले. ते उठले हीच मोठी गोष्ट होती, कारण गेली कित्येक वर्षं ते फक्त जेवायला उठायचे. त्यांनी टोपी काढली.

"आला!" ते ओरडले. "अगं ए, आला! संत आला! आपल्या गल्लीत आला!"

"शूऽऽ!" नुन्त्सिओ म्हणाला. "डॉन लिबोरिओ, तसं काही नाही, ही..."

पण तोवर खिडक्या धडाधड उघडल्या होत्या. बाल्कन्यांतून रेशमी पलंगपोस खाली सुटले, लग्नात मिळालेले आणि कधीच न वापरलेले. कुणी फुलं टाकली, कुणाला फुलं सापडेनात म्हणून तुळशीची कुंडीच रिकामी केली. आणि तिसऱ्या मजल्यावर, अर्ध्या डोक्याला काळा कलप आणि अर्धं डोकं पांढरं अशा अवतारात, डोन्ना निन्फा प्रकट झाल्या!

"कोण आहे तो? दंड कुणी धरलाय?" त्यांनी डोळे बारीक केले. आणि मग त्यांचा आवाज गल्लीच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत गेला. "अगं बाई! हा तर माझा जावई! बघा गं सगळ्याजणी! संताला गल्लीत घेऊन आला कोण? माझा जावई!"

नुन्त्सिओने तोंड उघडलं होतं. "आई, ही टूर आहे," एवढं एकच वाक्य म्हणायचं होतं. पण लग्नाला इतकी वर्षं झाली, या बाईने त्याला चारचौघांत 'माझा जावई' असं कधी म्हटलं नव्हतं. फार तर 'आगाताचा तो' म्हणायच्या. त्याला छातीत काहीतरी गोड गोड वाटलं. त्याने तोंड मिटलं आणि दंड आणखी थोडा उंच केला.

तिथेच घोळ झाला.

सासूबाई सपाता फटफटवत खाली आल्या आणि त्यांनी एका क्षणात सगळी सूत्रं हातात घेतली. "हे कुठले लोक?"

"नॉर्वेचे," नुन्त्सिओ म्हणाला. हे तरी खरं होतं.

"नॉर्वेहून आले! संतासाठी! आणि तुम्हाला मेल्यांनो समोरच्या चर्चला जायला पाय दुखतात!" त्या गल्लीवर कडाडल्या. मग एका नॉर्वेकराच्या कानाकडे बघून, "हे काय घातलंय कानात?"

"ते... सतत ऐकत असतात."

"प्रार्थना?"

नुन्त्सिओला शिंक आली. डोन्ना निन्फांनी तेच उत्तर धरलं. "चोवीस तास प्रार्थना ऐकतात! बघा आणि शिका!"

लोक पुढे येऊन, दंड खाली ओढून चकतीला हात लावू लागले, ओठ टेकू लागले. "नका, नका, लांबूनच!" नुन्त्सिओ विनवत होता. पण ज्यांच्या चार पिढ्या लांबून बघत आल्या त्यांना लांबून म्हणून कोण सांगणार? ओला मुलामा हाताहातांवर, नाकानाकांवर उतरू लागला. डॉन लिबोरिओंच्या मिशा सोनेरी झाल्या. एका आजीबाईंचे ओठ सोनेरी झाले आणि त्या आरशात बघून लाजल्या. चकतीतले संत मात्र हळूहळू फिके पडत चालले होते.

"आम्हीही हात लावायचा असतो का?" हाल्दिस बाईंनी विचारलं.

"नाही! म्हणजे, हो! म्हणजे... तुमची मर्जी!"

त्यांनी विचारपूर्वक दंडाला हात लावला आणि मग कपाळावरचा घाम पुसला. कपाळावर झळझळीत पट्टा उमटला. मागच्या सगळ्या नॉर्वेकरांनी शिस्तीत एकेक करून तेच केलं.

"थांबा!" सासूबाईंनी हात वर केला. "पेप्पिना मावशी अंथरुणावर आहे. आजारी माणसाच्या दारात संत थांबल्याशिवाय पुढे जात नाही."

"आई, जहाज..."

"कसलं जहाज?"

"काही नाही."

थांबले. पेप्पिना मावशी तळमजल्याच्या खोलीत उशीला टेकून बसली होती. वर्षभर ती उंबऱ्याबाहेर पडली नव्हती. नुन्त्सिओने वाकून दंड दारातून आत घेतला, आणि ती चकतीकडे बघत राहिली. मग म्हणाली, "मला वाटलं होतं मलाच त्याच्याकडे जावं लागणार. हा आधी आला." एक धिप्पाड नॉर्वेकर आजोबा रुमालात नाक शिंकरत होते, आणि त्यांना शब्द एक कळला नव्हता.

मावशीच्या सुनेने तेवढ्यात तळलेल्या भाताच्या गोळ्यांचं ताट बाहेर आणलं. ते बघून समोरच्या घरातून चण्याच्या पिठाचे वडे आले. मग कांद्याची जाड रोटी आली, वाइन आली, खुर्च्या आल्या. "खा!" डोन्ना निन्फांनी हुकूम सोडला, आणि तो नॉर्वेच्या भाषेत सांगावा लागला नाही.

नुन्त्सिओने टूर सावरायचा शेवटचा प्रयत्न केला. माइक तोंडाशी धरून म्हणाला, "मंडळी, ही गल्ली अरबांच्या काळातली..."

"काय सांगताय त्यांना?" सासूबाई मध्ये आल्या. "त्यांना ती खिडकी दाखवा! त्या खिडकीतून रोझाचा नवरा पळाला! दोन सुटकेसी घेऊन, भर दुपारी!" आणि त्यांनी दोन्ही हातांत सुटकेसी धरून, चवड्यांवर पळून दाखवलं.

सगळ्यांनी भाषांतरासाठी नुन्त्सिओकडे बघितलं.

"इथून," तो गंभीरपणे म्हणाला, "अरबांनी माघार घेतली."

हाल्दिस बाईंनी भुवया उंचावल्या. "सुटकेसी घेऊन?"

"त्या काळच्या. कातडी."

"आणि मागून रोझाने कढई फेकली!" सासूबाईंनी कढई फेकली. "इथे, बघा, भिंतीला अजून खड्डा आहे!"

"हा तोफगोळ्याचा खड्डा."

"अरबांकडे तोफा नव्हत्या," हाल्दिस बाई म्हणाल्या.

नुन्त्सिओ घामाघूम झाला. सासूबाईंना मात्र आता रंग चढला होता. आपल्या नवऱ्याने कोणत्या बाल्कनीखाली गाणी म्हटली, आपण त्याच्यावर कशाचं पाणी ओतलं, तरीही तो दुसऱ्या दिवशी कसा आला, हे सगळं त्यांनी हातवाऱ्यांनी करून दाखवलं. नॉर्वेकर पोट धरून हसत होते. नुन्त्सिओने भाषांतर सोडून दिलं. कुणाला त्याची गरजच नव्हती. तेवढ्यात पलीकडच्या अंगणात उत्सवाची तालीम करणारा बँड आवाज ऐकून धावत आला. आता काही बाकी राहिलं नाही!

"म्हणा, विवा सान बार्तोलो!" सासूबाईंनी संताचा जयघोष केला. नॉर्वेकर नुसतेच बघत राहिले. "मुके आहात का रे? वाइन प्यायलात ना माझी?"

"विवाऽऽ!" नॉर्वे गरजला. कबुतरं उडाली.

आणि त्या गर्जनेच्या शेवटी गल्लीच्या तोंडाशी मंडळाचे अध्यक्ष उभे दिसले. डॉन गास्पारे. गळ्यात लाल रुमाल, चेहरा त्याहून लाल.

"मंडळाचा दंड बाहेर कुणी काढला? कुणाच्या परवानगीने? आणि संताचं सोनं कुठे गेलं?"

बँड थांबला. डोन्ना निन्फा पदर खोचून भांडायला उभ्या राहाव्यात तशा कमरेवर हात ठेवून पुढे झाल्या. "परवानगीने काय? तुम्हीच नाही का पाठवला? जावईबापू, सांगा यांना!"

सगळी गल्ली नुन्त्सिओकडे बघू लागली. डॉन लिबोरिओ सोनेरी मिशांनिशी बघत होते. आतून पेप्पिना मावशी बघत होती. हाल्दिस बाई बघत होत्या. नुन्त्सिओला वाटलं, आत्ता शिरोक्को यावा आणि त्यालाही उचलून त्या देवीच्या खांद्यावर टाकावा. पण त्या मावशीच्या समोर खोटं बोलणं त्याला जमेना.

"कुणी पाठवला नाही," तो म्हणाला. "ही माझी टूर आहे. माझी छत्री उडाली. मी बुटका आहे, लोकांना दिसत नाही, म्हणून तानीनोकडून दंड मागून घेतला. बाजारात रस्ता अडला म्हणून इथून निघालो होतो. संत वगैरे कुणी आला नव्हता. मला माफ करा."

वरच्या मजल्यावर कुणाची तरी कॉफी उतू गेलेली ऐकू आली. सासूबाईंचा चेहरा पडला. कलपाचा एक काळा ओघळ त्यांच्या गालावरून खाली आला. नुन्त्सिओला सार्डिनचा वास येऊ लागला.

"बघितलंत!" डॉन गास्पारे म्हणाले. "आणा तो दंड इकडे."

"थांबा," डोन्ना निन्फा म्हणाल्या. त्या विचार करत होत्या. विचार करताना त्या फार भयंकर दिसतात. "जावईबापू, छत्री कुणी उडवली?"

"वाऱ्याने."

"वारा कुणी पाठवला?"

"आफ्रिकेने."

"मूर्ख आहात! आफ्रिकेला काय पडलंय तुमच्या छत्रीचं? आणि बाजारात रस्ता कुणी अडवला? ती तलवारमाशांची गाडी नेमकी आजच आडवी का आली?" त्या गर्रकन अध्यक्षांकडे वळल्या. "गास्पारे, शंभर वर्षं तुम्ही सांगत होता गल्ली अरुंद आहे! संत कंटाळला! त्याने वारा सोडला, छत्री उडवली, रस्ता अडवला आणि अख्ख्या शहरातून सर्वांत बुटका माणूस शोधला, म्हणजे गल्लीत अडकायला नको! नॉर्वेहून साक्षीदारसुद्धा बोलावले! आता तुम्ही त्याला सांगणार, परवानगी कुठाय म्हणून?"

गल्लीने असा काही जल्लोष केला की पलंगपोस हलले. डॉन गास्पारे काही बोलणार होते, पण पेप्पिना मावशीचा बारीक आवाज आतून आला, "गास्पारे, तूही ये ना. लहानपणी माझ्या दारात खेळायचास." अध्यक्षांनी टोपी काढली. मग पुढे येऊन दंडाला ओठ टेकले. त्यांच्याही मिशा सोनेरी झाल्या, आणि सोनेरी मिशांच्या माणसाला रागावून राहता येत नाही.

त्याच वेळी बंदरातून जहाजाचा भोंगा वाजला.

"मेलो!" नुन्त्सिओ म्हणाला. "जहाज! यांचं जहाज सुटतंय!"

"मग तोंड काय बघताय?" सासूबाई गरजल्या. "बँड पुढे! दंड वर! सगळे चला!"

पालेर्मोची वाहतूक रुग्णवाहिकेसाठी थांबत नाही, मंत्र्यासाठी थांबत नाही. पण संतासाठी थांबते! चौकाचौकांत पोलिसांनी सलाम ठोकून रस्ते मोकळे केले. तिकडे बाजारात, लांबून बँड ऐकून, तलवारमाशांचा आणि कलिंगडांचा मालक, दोघांनीही टोप्या काढून एकाच वेळी गाड्या मागे घेतल्या. पुढे धावता बँड, मागे नुन्त्सिओ, त्याच्यामागे हातात भाताचे गोळे घेतलेली सोनेरी कपाळांची नॉर्वेची मंडळी, आणि सर्वांना हाकत सपातांतल्या डोन्ना निन्फा. शिडी उचलायच्या आत शेवटचा नॉर्वेकर वर चढला.

हाल्दिस बाई सगळ्यांच्या मागून चढल्या. कठड्यावरून त्यांनी खाली बघितलं. हसल्या नाहीत. फक्त म्हणाल्या, "उद्या फोन करेन."

रात्रभर नुन्त्सिओ कूस बदलत राहिला. दुसऱ्या दिवशी दुपारचं जेवण सासूबाईंकडे होतं. डोन्ना निन्फांचं डोकं आता पूर्ण काळं झालं होतं. मासळीवाला मामाही आला होता, जावयाच्या मापाचा एप्रन सोबत घेऊन. फोन वाजला तेव्हा नुन्त्सिओच्या हातातला काटा खाली पडला.

"हो, मॅडम," तो म्हणाला. "हो. खरं सांगताय?" त्याचा चेहरा उजळला. "पूर्ण हंगाम? दर गुरुवारी?" आगाताने टाळ्या वाजवल्या. सासूबाईंनी छातीवर क्रूस काढला. "हो, आवडणारच की, शहरच तसं... काय? कोण?" मग तो बराच वेळ नुसतं ऐकत राहिला. "हो," शेवटी म्हणाला, "ओळखतो मी त्यांना. विचारून सांगतो."

त्याने फोन सावकाश टेबलावर ठेवला.

"काय झालं?" आगाता म्हणाली. "मिळालं ना काम?"

"मिळालं."

"विवा सान बार्तोलो!" डोन्ना निन्फा ओरडल्या. "माझा जावई!"

"आई," नुन्त्सिओ म्हणाला, "काम तुम्हाला मिळालंय."



"त्या म्हणाल्या, आमच्या कुठल्याच बंदरात इतकी चांगली गाईड नाही. बोलतात त्यातलं अक्षर कळत नाही आणि सगळं समजतं. सपातांतल्या त्या बाईंचं नाव काय, असं विचारत होत्या."

डोन्ना निन्फांना जराही आश्चर्य वाटलं नाही. त्यांनी केस नीट केले. "बरोबर आहे. आणि तुम्ही?"

"मीही आहे." नुन्त्सिओ ताटाकडे बघत म्हणाला. "म्हणाल्या, तो काठीवालाही ठेवा. सरळ धरतो."

मामाने एप्रनची मुकाट्याने घडी घातली. डोन्ना निन्फांनी मात्र पातेलं पुढे ओढलं, आणि लग्न झाल्यापासून पहिल्यांदाच, न मागता, जावयाच्या ताटात मोठा डाव भरून शेवया वाढल्या.

"जेवा पोटभर," त्या म्हणाल्या. "माझ्या हाताखाली उपाशी माणसं चालायची नाहीत."